निर्गुंतवणूक आणि खाजगीकरण एकच का?

लेखणी: बाल्को या पूर्वीच्या सरकारी ॲल्युमिनियम कंपनीवरचा एक इंग्रजी लेख मराठीत करते आहे. मूळ लेखात डिसइन्व्हेस्टमेंट आणि प्रायव्हटायझेशन वेगवेगळ्या ठिकाणी येतात. मी निर्गुंतवणूक आणि खाजगीकरण लिहिलं. संपादकांनी सगळीकडे खाजगीकरण केलं. मला पटत नाहीये. तुम्ही काय लिहाल?

माणदेशी: दोन्ही ठेवा. २०२२ मध्ये एलआयसीचे ३.५ टक्के शेअर विकले, ती निर्गुंतवणूक. मालक सरकारच राहिलं. २००१ मध्ये बाल्कोचे ५१ टक्के शेअर स्टरलाइट या खाजगी कंपनीला गेले, ताबाच गेला. ते खाजगीकरण.

अडकित्ता: मला निर्गुंतवणूक हा शब्दच खुपतो. निर्धन म्हणजे धन नसलेला. मग निर्गुंतवणूक म्हणजे गुंतवणूक नसणं. काढून घेण्याची क्रिया त्यात कुठे आहे? शिवाय संस्कृत उपसर्ग अस्सल मराठी 'गुंतणे'ला जोडलाय.

माणदेशी: निर्गमनात 'बाहेर' हा अर्थ आहेच की. आणि गैरसमज, बेसावध रोज वापरता, तेव्हा भेसळ चालते?

अडकित्ता: ते लोकांच्या तोंडी घडले. हा टेबलावर घडवला.

भोंगा: माझे वडील सरकारी कारखान्यात फिटर होते. आमच्या वसाहतीत निर्गुंतवणूक कुणाच्या तोंडून ऐकली नाही. 'कंपनी विकली' म्हणायचे, आणि भेटल्यावर पहिला प्रश्न, 'व्हीआरएस (स्वेच्छानिवृत्ती) घेतली का?' छत्तीसगडमधल्या कोरब्यात बाल्कोच्या कामगारांनी ६७ दिवस संप केला तो विक्रीविरुद्ध. सरळ विक्री लिहा ना.

लेखणी: शेअरची विक्री की कारखान्याची, ते पुन्हा उलगडून सांगावं लागतं. माझी अडचण तीच आहे.

होळकरी: मुळात खाजगी नव्हे, खासगी. 'खास'वरून आलाय. होळकरांकडे दौलत, म्हणजे राज्याचा खजिना, वेगळी आणि खासगी, म्हणजे घराण्याची स्वतःची मिळकत, वेगळी. १७३४ मध्ये पेशव्यांनी मल्हारराव होळकरांच्या पत्नी गौतमाबाईंना खासगी दिली, पुढे अहिल्याबाईंनी घाट-मंदिरांचा खर्च त्यातूनच केला. दौलतीतलं खासगीत गेलं की खासगीकरण. इतका चपखल शब्द दुसरा नाही.

भोंगा: अहो, त्या खासगीतून लोकांसाठी घाट झाले. आमचा कारखाना गेल्यावर वसाहतीतला दवाखाना बंद पडला. दोन्हींना एकच शब्द कसा लावायचा?

होळकरी: मी अर्थाचा उगम सांगतोय, परिणाम नाही.

माणदेशी: आमच्याकडे सगळे खाजगीच म्हणतात. 'खाजगीत सांगतो' म्हणतात, 'खासगीत' ऐकलं नाही कधी.

होळकरी: आमच्या घरी 'खासगीत'च म्हणतात. तीन पिढ्या.

लेखणी: मजकूर उद्या सकाळी द्यायचाय. निर्गुंतवणूक ठेवू की नको?

अडकित्ता: भागविक्री लिहा.

माणदेशी: आणि एअर इंडिया? ती तर १०० टक्के टाटांकडे गेली. तिला भागविक्री म्हणाल?