विंडोज ऍक्टिव्हेटर टाकून दिलाय, लॅपटॉप वापरू का नको?

दिंडोरीरोडवाला:
वडिलांच्या खताच्या दुकानासाठी सेकंडहँड लॅपटॉप घेतला, टॅली आणि जीएसटी एवढंच काम. विंडोज टाकणाऱ्या पोराने ऍक्टिव्हेटर (लायसन न घेता विंडोज ऍक्टिव्हेट करणारं टूल) टाकून ५०० घेतले, म्हणाला दादा लाइफटाइम आहे, फक्त अँटिव्हायरसला हात लावू नका. काल डिफेंडर (विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस) उघडून बघतो तर अख्खा सी ड्राइव्ह एक्सक्लुजनमध्ये, म्हणजे तो तिथं तपासतच नाही! दुकानाचं नेटबँकिंग यावरच चालतं. मी उगाच घाबरतोय का?

सिडकोचा_भाऊ:
काही होत नाही रे, मी ५ वर्षं वापरतोय. आपल्याकडं विंडोज विकत कोण घेतं.

गंगाघाट_७:
भाऊ तुला काही झालं नाही का कळलं नाही? पासवर्ड चोरणारा सांगून थोडीच येतो. मायक्रोसॉफ्टची कंपन्यांसाठी केएमएस म्हणून सोय आहे, ऑफिसातला एक सर्व्हर सगळे पीसी ऍक्टिव्हेट करतो, तेही १८० दिवसांपुरतं, मग रिन्यू. या ऍक्टिव्हेटरपैकी बरीच टूल्स तुमच्याच पीसीवर तसला खोटा सर्व्हर उभा करतात आणि ऍडमिन हक्काने मागे चालत राहतात, लाइफटाइम कसलं डोंबलाचं. वर अँटिव्हायरस आपणच बंद करून देतो, म्हणजे चोराला किल्ली देऊन चहा पण विचारायचा. २०२१ मध्ये केएमएसपिको या ऍक्टिव्हेटरच्या नावाने क्रिप्टबॉट व्हायरस पसरवत होते, तो ब्राउझरमधले सेव्ह पासवर्ड आणि क्रिप्टो वॉलेट उचलायचा, आणि संशय येऊ नये म्हणून सोबत खरं टूलही टाकून द्यायचे. विंडोज ऍक्टिव्हेट झालं की माणूस खूश.

सातपूर_नाइटशिफ्ट:
आधी मोबाइलवरून बँकेचा, मेलचा पासवर्ड बदल, त्या लॅपटॉपवरून नको. टॅलीचा डेटा पेनड्राइव्हवर घे आणि सगळं फॉरमॅट मार, नुसतं टूल काढून भागत नाही. लॅपटॉप मुळात विंडोज ८ किंवा नंतरचं घेऊन आला असेल तर लायसनची की बायोसमध्येच (मदरबोर्डवरच्या चिपमध्ये) असते. ही पोरं विंडोज होमच्या मशीनवर विंडोज प्रो टाकतात, मग ते ऍक्टिव्हेट होत नाही म्हणून टूल मारतात!! मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून विंडोज टाकायचं मीडिया क्रिएशन टूल घे, फुकट आहे. आणि की नाहीच निघाली तरी ऍक्टिव्हेट न करता चालतं, कोपऱ्यात वॉटरमार्क राहतो आणि वॉलपेपर-रंगांची सेटिंग बंद, टॅलीला काय फरक पडतो.

दिंडोरीरोडवाला:
रविवारी केलं. लॅपटॉपचं मूळ विंडोज होम सिंगल लँग्वेज निघालं, नेट जोडल्यावर आपोआप ऍक्टिव्हेट. म्हणजे ५०० देऊन मी स्वतःचंच लायसन घालवलं होतं, वडिलांना अजून सांगितलं नाहीये.

सिडकोचा_भाऊ:
ते एक्सक्लुजन कुठं दिसतं रे?