सातपुडा उघडा पडतोय, खान्देश तापतोय: दोष कोणाचा?

अनेरकाठ (चोपडा)
एप्रिल-मे आला की जळगाव-भुसावळचा पारा ४५ च्या आसपास जातो आणि आपण ‘यंदा ऊन फार’ म्हणून गप्प बसतो. यावल अभयारण्यापासून शिरपूरच्या डोंगरापर्यंत साग, अंजन, सालई तोडून नवाड, म्हणजे जंगलात नवं शेत, काढणं चालू आहे. खोडाची साल सोलायची, झाड वाळलं की पेटवायचं, पावसाळ्यात तिथे मका नाहीतर कापूस. सुक्या लाकडाच्या वजनात जवळपास निम्मा कार्बन असतो, तो जाळला की हवेत जातो. कारखानदारी सुरू होण्याआधी हवेच्या दहा लाख भागांत कार्बन डायऑक्साइड २८० भाग होता, आज तो ४२० च्या वर आहे. वनहक्क कायद्यात १३ डिसेंबर २००५ च्या आधीच्या ताब्यालाच मान्यता आहे. त्यानंतरची तोड बसत नाही. ती अतिक्रमणं काढलीच पाहिजेत, असं माझं ठाम मत आहे.

धडगावची लेक
दादा, आकडे बरोबर आहेत, पण आरोपीच्या पिंजऱ्यात तुम्ही उभं केलंत आम्हा आदिवासींना. २०१९ मध्ये जगभर सोडलेल्या हरितगृह वायूंपैकी शेती, वनं आणि जमीनवापर मिळून साधारण २२ टक्के. बाकी सगळं ऊर्जा, कारखाने, वाहतूक, इमारती यांचं. भुसावळशेजारी दीपनगरला ५०० मेगावॉटचे दोन संच कोळशावर चालतात, त्यांच्याबद्दल तुम्ही एक ओळही लिहिली नाही.

आणि सातपुडा कोणी तोडला, हे मागे जाऊन बघा. १८६० च्या दशकात रेल्वे भुसावळला आली, तिला रुळांखालच्या स्लीपरसाठी सागवान हवं होतं. १८७८ च्या कायद्याने जंगल राखीव झालं आणि त्यात राहणारा भिल्ल-पावरा गुन्हेगार ठरला. पुढे सरदार सरोवराने अक्राणी-अक्कलकुव्यातली ३३ गावं घेतली, नर्मदाकाठचं जंगलही पाण्याखाली गेलं. मोहाची फुलं, चारोळी, तेंदूपान यांवर आमचं घर चालतं. जंगल गेलं तर पहिली उपासमार आमचीच.

केळीवाला रावेर
हाई बराबर शे ताई, पन मी पाण्याचं सांगतो. सातपुड्याच्या पायथ्याला गोटे-वाळूचा जाड पट्टा आहे. डोंगरावरून उतरलेलं पाणी तिथेच मुरतं आणि आमच्या केळीला पोसतं. वर झाडं नसली की पाणी थांबत नाही, माती घेऊन धावतं आणि तो गाळ मुरायच्या वाटा बुजवतो. बोअर खोल जातात त्यात आमचा उपसाही आहे, ते नाकारत नाही. पण माझ्या भावकीत कोणी डोंगराकडे बघतसुद्धा नाही, याचं वाईट वाटतं.

अनेरकाठ (चोपडा)
ताई, २२ टक्के म्हणजे पाचवा हिस्सा, तो थोडा नाही. कोळशाची राख दाखवून इथली कुऱ्हाड झाकता येणार नाही. दीपनगर उद्या बंद झालं तरी उघड्या डोंगरावरची हवा गार होणार नाही, कारण गारवा झाडाच्या पानांतून निघणाऱ्या बाष्पाचा असतो. आणि रेल्वेने तोडलं म्हणून आजची तोड माफ होते का?

धडगावची लेक
माफ करा असं मी म्हटलेलं नाही. पोलीस घेऊन झोपड्या मोडल्याने जंगल वाढल्याचं मात्र मी पाहिलेलं नाही. साक्री तालुक्यातल्या बारीपाड्यात १९९२ पासून गावानेच सुमारे ११०० एकर जंगल राखलं. तोड करणाऱ्याला दंडही गावच करतं. तिथले चैत्राम पवार यांना २०२५ मध्ये पद्मश्री मिळाली. वनहक्क कायद्यात सामूहिक हक्काची तरतूद आहेच. जंगल ग्रामसभेच्या हातात द्या, मग बघा.

साक्रीकर
बारीपाडा आमच्या तालुक्यातलं, त्याचा अभिमान आहे. पण तिथे एक गाव एकदिलाने उभं राहिलं. यावलच्या डोंगरात रात्री बाहेरून गाड्या येतात, त्यांना ग्रामसभेचा दंड कसा लागू करणार? तिथे वनरक्षकच लागेल, आणि त्याच्याकडे माणसं नाहीत.

अनेरकाठ (चोपडा)
माझाही मुद्दा हाच आहे. सामूहिक हक्काचे दावे वर्षानुवर्षं पडून राहतात. तोवर जे झाड आज सोललं जातंय, त्याचं काय?

धडगावची लेक
तोवर गावाची गस्त आणि वनरक्षक एकत्र फिरू देत. दाव्यांचा निकाल लवकर लागावा म्हणून जिल्हाधिकाऱ्यांना निवेदन देऊ. मसुदा मी लिहिते, सही तुम्ही करा. पण त्यात ‘अतिक्रमण हटवा’ असं असेल, तर माझी सही नसेल.