ॲनी ओंड्रा आणि उसना आवाज
बोलपट आला आणि मूकपटांतली चेक अभिनेत्री ॲनी ओंड्रा हिची कारकीर्द आटोपली, असे म्हटले जाते; पण हे विधान फक्त इंग्लंडपुरतेच खरे आहे. दिग्दर्शक आल्फ्रेड हिचकॉकच्या ‘ब्लॅकमेल’ या बोलपटात (१९२९) तिचे चेक वळणाचे इंग्रजी लंडनच्या दुकानदाराच्या मुलीला शोभणारे नव्हते आणि आवाज मागाहून भरण्याची सोय हाताशी नसल्यामुळे, कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर उभी राहून जोन बॅरी ही इंग्रज अभिनेत्री मायक्रोफोनमध्ये संवाद म्हणत असे आणि ओंड्रा त्याबरहुकूम नुसते ओठ हलवत असे. तरीही न्याहारीच्या वेळी ‘सुरी’ हा शब्द कानांवर आदळताच तिच्या हातातली पावाची सुरी उडते, तो दचका सर्वस्वी ओंड्राचाच (आणि माझ्या मते चित्रपटाचा प्राणही तोच). पुढे १९३० मध्ये तिने दिग्दर्शक कारेल लामाच यांच्यासह बर्लिनमध्ये निर्मितीसंस्था काढली आणि जर्मन व चेक बोलपटांत, स्वतःच्याच आवाजात, विनोदी नायिका म्हणून ती चांगलीच गाजली.