छोट्या लग्नाची यादी: शेवटचा शब्द कोणाचा?

माटुंग्याची लेक (धागा)

तुळशीच्या लग्नानंतरच्या पहिल्या मुहूर्तांपैकी एकावर माझे लग्न दादरच्या एका छोट्या सभागृहात ठरले आहे. तिथे ६० माणसांची सोय होते आणि आम्हा दोघांना तेवढीच माणसे हवी आहेत. खर्च आम्ही निम्मा-निम्मा करीत आहोत. याद्या करायला दोन्ही घरचे एकत्र बसले, तेव्हा एकट्या बाबांचीच यादी २००च्या पुढे गेली. त्यावर मी एक नियम सुचवला: आजी-आजोबा, आई-वडिलांची सख्खी भावंडे आणि त्यांची मुले यांना बोलवावे, त्यापलीकडच्या नात्यांना नाही, आणि हाच नियम व्याह्यांकडेही जसाच्या तसा लागू असावा. या नियमाने दोन्हीकडचे मिळून ३२ होतात, उरलेल्या जागा मित्रमैत्रिणींच्या.

बाबा वाद न घालता उठले आणि कपाटातून आहेराची वही घेऊन आले. लाल कापडी बांधणीची, लांबट, कडा कुरतडलेली वही. तिच्यात त्यांच्या लग्नापासून दादाच्या मुंजीपर्यंतचे सगळे आहेर नोंदलेले आहेत. ‘परळचे काका, स्टीलची कळशी.’ ‘ऑफिसची मंडळी मिळून, भिंतीवरचे घड्याळ.’ ‘वरच्या मजल्यावरच्या वहिनी, रु. २१.’ ज्यांच्या घरच्या कार्यात परतफेड झाली त्यांच्या नावापुढे हिरव्या शाईची खूण आहे, आणि ज्यांच्यापुढे खूण नाही त्यांना बोलावल्याशिवाय लग्न होणार नाही, असे बाबांचे म्हणणे आहे.

मला त्या माणसांविषयी आदर आहे. परंतु माझे लग्न हे आधीच्या पिढीची देणीघेणी मिटवण्याचे ठिकाण नाही, असे मला वाटते. आपले मत काय?

गिरणगावकर

तुमच्या नियमाशी मी पूर्णपणे असहमत आहे. १८ जानेवारी १९८२ रोजी गिरण्यांचा संप सुरू झाला आणि तो रीतसर कधी मागे घेतलाच गेला नाही. त्या काळात आमच्या चाळीतल्या कित्येक घरांत चूल पेटली ती शेजारच्या खोलीतून आलेल्या पिठावर आणि वाण्याच्या उधारीवर. त्या दिवसांत एखाद्या वहिनींनी पाकिटात घातलेले २१ रुपये कोणत्या डब्यातून निघाले असतील, याचा विचार करावा. चाळीतले लग्न म्हणजे वऱ्हाड उतरायला शेजाऱ्यांच्या खोल्या रिकाम्या करून मिळत, गॅलरीत भाज्या चिरल्या जात, आणि मुलीच्या पाठवणीला सख्ख्या मावशीआधी समोरच्या बिऱ्हाडातली बाई रडत असे. तुमच्या नियमात दहा वर्षांत तोंड न पाहिलेला नागपूरचा आतेभाऊ बसतो आणि वरच्या मजल्यावरच्या वहिनी बसत नाहीत. मोजायला सोपा म्हणून तो नियम न्याय्य ठरत नाही.

पार्लेकर

धागाकर्तीशी सहमत. एप्रिल २०२१मध्ये राज्य सरकारने लग्नाला २५ माणसे आणि दोन तास अशी मर्यादा घातली होती आणि ती मोडल्यास ५० हजार रुपये दंड होता. तशी लग्ने झाली, संसारही सुखाने चालू आहेत, आणि माझ्या माहितीत तरी कोणाचे कोणाशी बोलणे तुटलेले नाही. दोनशे माणसे बोलावून यजमान प्रत्येकाशी अर्धे मिनिटही बोलू शकत नाही. पाहुणा रांगेत उभा राहतो, पाकीट देतो, छायाचित्रात हसतो आणि शेवटची लोकल गाठायला निघतो. यात मान नेमका कोणाचा राखला जातो, हे मला आजवर कळलेले नाही. शिवाय खर्च करणाऱ्याला निर्णयाचा अधिकार नको का?

गिरणगावकर

२०२१चे उदाहरण इथे गैरलागू आहे. तेव्हा सरकारने सर्वांनाच दाराबाहेर ठेवले होते, म्हणून कोणालाच लागले नाही. माणसाला लागते ते संख्येमुळे नाही, निवडीमुळे. ‘जागा नव्हती’ हे तो समजून घेतो. ‘जागा होती, पण ती तुझ्याऐवजी दुसऱ्याला दिली’ हे समजून घेणे अवघड असते. आणि खर्चाचेच म्हणाल, तर ज्या मुलांना लग्नाचा खर्च पेलवतो त्यांच्या शिक्षणाचा खर्च कोणी पेलला, हाही हिशेब मग मांडावा लागेल.

मुलुंडची विहीण

तू माझ्या मुलीच्या वयाची असशील म्हणून एकेरीत लिहिते. गेल्या वर्षी आम्हीही ५० माणसांत लग्न केले. माझा त्याला विरोध नव्हता आणि आजही नाही. पण यादीच्या भांडणात एक गोष्ट कोणी स्पष्ट बोलत नाही: वगळलेल्या माणसाला तोंड कोण देणार? मुलगी-जावई लग्नानंतर बंगळूरला निघून गेले आणि भाजीबाजारात, गणपतीच्या दर्शनाला, कोणाच्या दहाव्याला भेटणारी माणसे आमच्या वाट्याला आली. ‘उरकलेत म्हणे, कळवलेही नाहीत’ हे वाक्य मी ऐकले, तिने नाही. तुझे बाबा वही काढून बसले ते हट्टापायी नसावे. तुझ्या निर्णयाचे उत्तर पुढची वीस वर्षे आपल्याला द्यावे लागणार, हे त्यांना दिसत असावे.

म्हणून यादी तुमची असेल तर नकाराचे फोनही तुम्हीच करा. तेही लग्नाआधी, आणि आईकडून निरोप न देता. कुटुंबाच्या व्हॉट्सॲप गटावर पत्रिका टाकून मग ‘ही फक्त माहितीसाठी’ असे लिहिण्याचा प्रकार आमच्याकडे झाला. त्याने जेवढी माणसे दुखावली तेवढी मुळात न बोलावल्याने दुखावली नसती.

आणखी एक. ज्यांना बोलवायचे नाही त्यांचे केळवण स्वीकारू नकोस. हौसेने चौरंग मांडून, रांगोळी काढून, साडी देऊन जेवू घालणाऱ्या बाईला लग्नाची तारीख सांगायची आणि बोलावणे मात्र करायचे नाही, हे फार वाईट दिसते. लोक याला सौजन्य समजून होकार देतात आणि तिथेच अडकतात.

फोर्टमधला वाचक

एवढी ओढाताण कशाला? १९५४च्या विशेष विवाह कायद्याखाली ३० दिवसांची नोटीस द्यावी, तीन साक्षीदारांसमोर लग्न करावे आणि नंतर सवडीने मोठा स्वागत समारंभ ठेवून वही बंद करावी.

पार्लेकर

स्वागत समारंभ ठेवायचाच असेल तर मूळ वाद जिथल्या तिथे राहतो, फक्त महिनाभर पुढे जातो. तीच यादी, तेच मानपान, वर दुसऱ्या सभागृहाचे भाडे.

माटुंग्याची लेक

स्वागत समारंभ आम्हाला नको आहे, त्यावर ठाम आहोत. खर्च करणाऱ्याचा अधिकार हा मुद्दा मात्र मी वापरणार नाही. पैशाच्या जोरावर बाबांना गप्प करणे मला आवडणार नाही आणि ते गप्प बसणारही नाहीत.

मुलुंडच्या काकूंचा प्रतिसाद घरी वाचून दाखवला. बराच वेळ बोलून आम्ही असे ठरवले आहे, की दोन्ही घरच्या वडीलधाऱ्यांना प्रत्येकी आठ जागा द्यायच्या आणि त्या जागांवर कोण येणार हे आम्ही विचारायचे नाही. त्यासाठी आमचे मित्रमैत्रिणी प्रत्येकी सहांवर आणले आहेत. त्यांपैकी काही नाराज आहेत, त्यांना फोन मी करीत आहे. बाबांच्या आठांत पहिले नाव वरच्या मजल्यावरच्या वहिनींचे आहे. वहीतल्या बाकीच्यांना मी आणि तो मिळून फोन करणार आहोत, आणि जे मुंबईत आहेत त्यांच्या घरी लग्नानंतर जोडीने जाऊन नमस्कार करून येणार आहोत. नियमाबाहेरच्या दोन केळवणांना मी होकार देऊन बसले नव्हते, ती आता नम्रपणे नाकारते.

सासूबाईंना हे मान्य नाही. त्यांच्या मते आठ जागांत त्यांच्या माहेरची माणसेही मावत नाहीत आणि वराकडच्यांना थोड्या जास्त जागा देण्याची रीत आहे. तिथे मी समान आकड्यावरून हलणार नाही, आणि तसे त्यांना सांगण्याचे काम त्यांच्या मुलाचे आहे.

गिरणगावकर

आठ जागा म्हणजे तुमच्या वडिलांनी खूण नसलेल्या नावांमधून स्वतःच्या हाताने माणसे गाळायची. पूर्वी हा वाईटपणा तुमच्या नियमाकडे होता, आता तो त्यांच्याकडे गेला. तरीही घरी जाऊन नमस्कार करण्याचे मनावर घेतलेत, ते योग्य आहे. जाताना बाबांना सोबत न्या. कित्येक घरांत तुम्हाला कोणी ओळखणार नाही.

मुलुंडची विहीण

आणि सासूबाईंना फोन मुलानेच करायचा, हे आधी त्याच्याकडून वदवून घे. आमच्याकडे तो फोन शेवटी मलाच करावा लागला होता.