सिबिलची घोडदौड बहुधा घडलीच नाही, हे मुलीला सांगून मी चुकले का?

मुक्ता

आम्ही बॉस्टनजवळ राहतो. लेक ९ वर्षांची. वर्षभर तिला घोड्यांच्या गोष्टींनी झपाटलंय, त्यातही अमेरिकन क्रांतीच्या काळातल्या. तिची सगळ्यात लाडकी सिबिल लडिंग्टन. २६ एप्रिल १७७७ ची रात्र, कनेक्टिकटमधलं डॅनबरी इंग्रजांनी पेटवलेलं, आणि १६ वर्षांची सिबिल भर पावसात ४० मैल घोडा फेकत वडिलांच्या पलटणीतली माणसं गोळा करते.

मागच्या आठवड्यात शाळेत आवडत्या व्यक्तीवर बोलायचं होतं म्हणून मी तिला मदत करायला बसले. शोधता शोधता कळलं की या दौडीचा त्या काळातला एकही कागद इतिहासकारांच्या हाती लागलेला नाही. गोष्ट छापून आली ती थेट १८८० मध्ये, १०३ वर्षांनी. तिचे वडील कर्नल हेन्री लडिंग्टन खरे, डॅनबरीची जाळपोळ खरी. दौड मात्र अधांतरी.

मी लेकीला जसंच्या तसं सांगितलं. तिनं पुस्तक मिटलं आणि पलंगाखाली सरकवून दिलं. रडली असती तर बरं झालं असतं.

मला अजूनही वाटतं, सांगायलाच हवं होतं. गोष्ट रचा, हवी तेवढी रंगवा, पण मुलांच्या हातात देताना ‘हे असंच घडलं’ म्हणू नका. तुम्हाला काय वाटतं?

रानवाट

मुक्ता, स्पष्ट बोलते, राग मानू नकोस. चुकलंच तुझं.

हिरकणीची गोष्ट आपण सगळ्यांनी ऐकली. तान्ह्या बाळासाठी रात्रीची कडा उतरून गेलेली गवळण. रायगडावर तिच्या नावाचा बुरूज आहे. लहानपणी कुणी आपल्याला ‘पुरावा काय?’ म्हणून अडवलं नाही, आणि म्हणूनच सहावीत पहिल्यांदा त्या बुरुजावरून खाली डोकावले तेव्हा माझ्या पोटात गोळा आला. पुढे मी इतिहास वाचला तो त्या गोळ्यामुळे.

सिबिलचा न्यूयॉर्क राज्यात कार्मेलला १९६१ पासून पुतळा आहे, १९७५ मध्ये तिच्यावर टपाल तिकीटही निघालं. एवढ्या माणसांना ती हवीशी वाटली, त्याला काही अर्थ असेलच ना? ९ वर्षांच्या मुलीला आधी घोड्यावर बसू दे. कागदपत्रं तिला पंधराव्या वर्षीही भेटतील.

कोरा_कागद

रानवाट, हिरकणीशी तुलना मला पटत नाही. हिरकणीच्या गोष्टीमुळे कुणाची जागा जात नाही. या गोष्टींमुळे जाते.

जॉर्ज वॉशिंग्टनवरची मुलांची पुस्तकं घ्या. त्याचे दोन घोडे, तांबूस नेल्सन आणि करडा ब्लूस्किन, जवळजवळ प्रत्येक पुस्तकात नावानिशी येतात. नेल्सन म्हातारपणी माउंट व्हर्ननला, वॉशिंग्टनच्या मळ्यावर, सुखात राहिला, हेही येतं. पण संपूर्ण युद्धात वॉशिंग्टनच्या बाजूला घोड्यावर असलेला विल्यम ली किती पुस्तकांत दिसतो? वॉशिंग्टननं त्याला १७६८ मध्ये विकत घेतलं होतं. शिकारीत घोडा फेकण्यात त्याचा हात धरणारा विरळा. पुढे दोन्ही गुडघे निकामी झाले. १७९९ च्या मृत्युपत्रात वॉशिंग्टननं त्याला लगेच मुक्त केलं आणि वर्षाला ३० डॉलर लावून दिले. म्हणजे घोड्याचं नाव मुलांना पाठ आणि त्याच्याच बरोबरीनं दौडणारा माणूस गायब.

आणि पॉल रिव्हिअर, इंग्रज फौज येतेय हे गावोगाव कळवत बॉस्टनहून कॉनकॉर्डकडे निघालेला घोडेस्वार. १८ एप्रिल १७७५ च्या रात्रीची हकीकत त्यानं स्वतः नंतर पत्रात लिहून ठेवली आहे. चार्ल्सटाउन सोडल्यावर दोन इंग्रज अधिकारी झाडाखाली दबा धरून दिसले ती जागा सांगताना तो खूण काय देतो? जिथे मार्कला साखळदंडात टांगलं होतं, त्याच्या जवळपास समोर. मार्क हा गुलाम. मालकाला विष दिल्याबद्दल १७५५ मध्ये त्याला फाशी दिलं आणि देह रस्त्याकडेला टांगून ठेवला. २० वर्षांनीही ती जागा त्याच्याच नावानं ओळखली जात होती. स्वातंत्र्याचा निरोप घेऊन निघालेला घोडा त्या खुणेवरून दौडत गेला. हे वगळून मुलांना नुसत्या टापांचा आवाज ऐकवणं मला मान्य नाही.

रानवाट

९ वर्षांच्या मुलीला टांगलेला देह? माझं उत्तर ठाम नाही असंच आहे. तुम्ही सांगता ते सगळं खरं असेल. पण वय नावाची गोष्ट असते, आणि ती ओळखण्याची जबाबदारी आपली, मोठ्यांची.

विल्यम लीचं मात्र पटलं. त्याच्यावर मुलांसाठी गोष्ट असेल तर मी आजच घेईन.

लगाम

मी सात वर्षं व्हर्जिनियातल्या एका तबेल्यात काम करतोय. माझी तक्रार तुम्हा दोघांपेक्षा वेगळी आहे. या गोष्टींमध्ये माणसं तरी कधीमधी खरी असतात, घोडा कधीच नसतो.

४० मैल रात्रीत होतात. तयारीचा घोडा असेल तर जास्तही होतात; कॅलिफोर्नियातल्या टेव्हिस कप शर्यतीत १०० मैल २४ तासांत पार करायचे असतात. पण ते दुडकी आणि चाल आलटून पालटून, मधे थांबून, पाणी पाजून, नाडी मोजून. पुस्तकातला घोडा ४० मैल चौखूर उधळतो आणि पहाटे मान ताठ करून उभा राहतो. पोनी एक्स्प्रेसवाल्यांना हे नेमकं माहीत होतं. १८६० मध्ये मिझुरीहून सॅक्रामेंटोला टपाल १० दिवसांत न्यायचं होतं, अंतर १९०० मैलांच्या आसपास, म्हणून दर १०-१५ मैलांवर घोडा बदलायची चौकी. घोड्याची ताकद तेवढीच, हे त्यांनी हिशोबात धरलं होतं.

आमच्याकडे शिकायला येणारी मुलं अशीच पुस्तकं वाचून येतात. पहिल्याच दिवशी टाच मारतात. परवा एकीला मी फेरी संपल्यावर घोडीच्या छातीवर, पुढच्या पायांच्या मधे, हात ठेवायला लावला. तिथे सगळ्यात उशिरा गार होतं. तिनं हात ठेवला आणि दचकून काढला. ‘एवढी गरम?’ मग वीस मिनिटं लगाम धरून तिच्याबरोबर चालत राहिली, एक शब्द न बोलता. गोष्टीत ही वीस मिनिटं लिहा ना कुणीतरी.

कोरा_कागद

लगाम, प्रतिसाद फार आवडला. तुमच्या मुद्द्याला धरूनच सांगतो. ऑगस्ट १८०५ मध्ये पश्चिमेचा मुलूख शोधायला निघालेली लुईस आणि क्लार्कची तुकडी रॉकी पर्वतापाशी अडली होती. पुढे जायचं तर घोडे हवेत, आणि घोडे होते तिथल्या शोशोनी या आदिवासी लोकांकडे. बोलणी करायला दुभाषी म्हणून साकागाविया बसली, कडेवर सहा महिन्यांचं मूल. समोरचा प्रमुख कॅमेआहवेट हा तिचाच भाऊ निघाला! लहानपणी दुसऱ्या टोळीनं तिला पळवून नेलं होतं. घोडे मिळाले म्हणून ती मोहीम पुढे सरकली.

यात टांगलेला देह नाही, रानवाट. साहस आहे, घोडे आहेत, मुलगी आहे, आणि प्रसंग त्या माणसांच्या रोजनिशीत नोंदलेला आहे. असं असताना नसलेली दौड कशाला हवी?

रानवाट

हे तिला सांग मुक्ता, नक्की सांग. पण मग यात साकागाविया मनात काय म्हणाली, ते कुणी लिहायचं? रोजनिशी लिहिणारे पुरुष होते. तिचं मन कुणाला तरी रचावंच लागणार. माझं म्हणणं तेवढंच आहे.

मुक्ता

सगळ्यांचे आभार. रानवाटच्या शेवटच्या वाक्यावर दोन दिवस विचार करत होते.

शनिवारी लेकीला लिंकनला घेऊन गेले, रिव्हिअर पकडला गेला तिथे. आमच्याकडून अर्ध्या तासावर आहे. रस्त्याकडेला बसून त्याचं पत्र तिला मराठीत सांगत गेले. (मार्कची जागा आली तेव्हा ‘तिथे एका गुलामाला फार क्रूर शिक्षा दिली होती’ एवढंच सांगितलं. तिनं विचारलं, त्याचं नाव काय? ते सांगितलं.) घोडा मागून आणलेला, लार्किन नावाच्या माणसाचा. पाठलाग करणारा एक अधिकारी चिखलाच्या डबक्यात रुतला, तेव्हा ती खळखळून हसली. या दौडीवरच्या लाँगफेलोच्या प्रसिद्ध कवितेत रिव्हिअर कॉनकॉर्डला पोचतो. प्रत्यक्षात पोचला तो त्याच्याबरोबरचा डॉक्टर प्रेस्कॉट, दगडी कुंपणावरून घोडा उडवून. हेही तिला आवडलं.

मग शेवट. इंग्रज मेजर आपल्या सार्जंटला विचारतो, तुझा घोडा दमलाय का? हो म्हटल्यावर सार्जंट रिव्हिअरच्या घोड्यावर बसतो. दमलेल्या घोड्याचा लगाम आणि खोगीर कापून टाकतात आणि निघून जातात.

मला वाटलं, लेक लार्किनच्या घोड्याबद्दल विचारेल. तिनं विचारलं, ‘आई, तो दमलेला कुठे गेला?’

पत्रात ते नाही. घरी आल्यापासून ती त्याच्यावर लिहितेय. पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत लिहिलंय: ‘इथपर्यंत खरं आहे. पुढचं मी केलं आहे.’ सिबिलचं पुस्तक अजून पलंगाखालीच आहे, रानवाट. पण काल ते पुढे ओढलेलं दिसलं.

लगामदादा, तिचा एक प्रश्न आहे तुमच्यासाठी. एप्रिल महिना, रात्रीचे दोन, अंगावर काही नाही, ओळखीचं कुणी नाही. घोडा काय करेल?

लगाम

लांब जाणार नाही. आधी अंग झटकेल, जागा मऊ असली तर लोळेल. खोगिराखालची पाठ घामानं खाजत असते. मग वाऱ्याकडे तोंड करून दुसऱ्या घोड्यांचा वास घेईल. लागला तर तिकडे चालत जाईल. नाही लागला तर तिथेच कुंपणाकडेला चरेल, एप्रिलमध्ये कोवळं गवत असतं.

तिला सांग, खिंकाळायला लाव एकदा. उत्तर येतंय का, ते घोडा ऐकत राहतो.