'काळजादू' म्हटलं की काळी जादूच आठवते

चाळकरी : आमच्या गिरगावातल्या चाळीच्या गणपतीच्या हस्तलिखितासाठी भाच्याने गोष्ट लिहिली आहे. वय वर्षं तेरा. गोष्टीत एक म्हातारा विद्वान आहे, वेळ थांबवण्याची आणि मागे फिरवण्याची विद्या जाणणारा. अख्खा माणूस पोराच्या डोक्यातला. तो गेल्यावर शिष्य त्याचं चरित्र सांगतो. मथळा दिलाय 'एका काळजादूगाराचे जीवन आणि वारसा'. आईने चष्मा लावून वाचलं आणि म्हणाली, "गणपतीच्या अंकात काळी जादू कशाला रे?" बरा शब्द सुचवा. अंक परवा बांधायला जातोय.

दादरकरीण : आईंचं बरोबर आहे. 'काळ' म्हणजे समय, तसा यमही. 'काळ आला होता पण वेळ आली नव्हती' यातला काळ घड्याळातला नाही. ळ काढून 'कालजादू' केलंत तर कालची जादू होईल, म्हणजे शिळी.

घटकाभर : ताई, 'काल' इतका वाईट नाही. १९७३पासून 'कालनिर्णय' भिंतीवर लटकतंय, कालचा निर्णय म्हणून कोणी वाचत नाही. पण तिथे पुढचा शब्द संस्कृत आहे. 'जादू' फारसीतून आलेली, तिला 'काल' जोडला की सांधा दिसतो. 'कालज्ञ' चालेल का?

दादरकरीण : 'कालज्ञ' म्हटलं की मागोमाग 'त्रिकालज्ञ' आठवतो, आणि तो आपण फक्त टोमण्यात वापरतो. "आले मोठे त्रिकालज्ञ!" 'दैवज्ञ' म्हणजे ज्योतिषी, शिवाय ते ज्ञातीचं नाव. 'कालमांत्रिक' म्हणाल तर लिंबू-मिरची आलीच.

आणि भाच्याला एक विचारा : विद्वानाने वेळ थांबवला की थांबवली?

चाळकरी : दोन्ही लिहिलंय. एकाच पानावर.

दादरकरीण : मग त्याचा कान चांगला आहे, दोन्ही बरोबर आहेत. 'रांगेत वेळ गेला', 'वेळ पुरला नाही' हा खर्च होणारा, मोजायचा वेळ, पुल्लिंगी. 'जेवायची वेळ झाली', 'वाईट वेळ टळली' ही ठरलेली घडी, स्त्रीलिंगी. म्हातारा आयुष्यभर 'तो वेळ' थांबवत राहिला आणि शेवटी 'ती वेळ' काही त्याला टाळता आली नाही, असं लिहिता येईल. इंग्रजीत हे करून दाखवा म्हणावं!

घटकाभर : वा. मग नावातही मोजमापच येऊ द्या. माझ्या मुंजीत गुरुजींनी घटिकापात्र लावलं होतं. घंगाळात पाणी, त्यावर तांब्याची पातळ वाटी, वाटीच्या तळाला सुईच्या टोकाएवढं भोक. मी मुंडावळ्या सावरत तेवढंच बघत होतो. पाणी आत चढतं तशी वाटी जड होत खाली बसते, बराच वेळ काही घडत नाही, मग काठ पाण्याला टेकतो आणि डुबुक! गेली एक घटका, म्हणजे २४ मिनिटं. 'घटका भरली' हे त्या वाटीवरूनच आलं. साठ घटकांचा दिवस, साठ पळांची घटका. 'पळभर थांब' म्हणजे २४ सेकंद, लोकांना वाटतं क्षणभर. (मुलीच्या लग्नात हॉलवर गुरुजींनी मोबाइल लावला. अर्ध्या मुहूर्तात बँकेचा फोन आला.)

तेव्हा 'घटकाबुवा'?

दादरकरीण : बुवा नको हो काका, बुवाबाजी चिकटेल. विद्वान आहे ना? मग 'शास्त्री' म्हणा. घटकाशास्त्री.

घटकाभर : मान्य. जुन्या वाड्याच्या दारावर पाटी असावी असं वाटतंय.

चाळकरी : घटकाशास्त्री! आईलाही पटलं. 'जीवन आणि वारसा'चं काय?

दादरकरीण : ते इंग्रजी मथळ्यावरून उचललेलं वाटतं. मराठी चरित्राला 'जीवन आणि कार्य' लागतं. वारसा म्हटला की मला वारस दाखला आणि चाळीतल्या खोलीवरून बोलेनासे झालेले भाऊ दिसतात. शिष्याने विद्या पुढे चालवली असेल तर 'वसा' म्हणा. वारसा बसल्या जागी मिळतो, वसा घ्यावा लागतो, आणि श्रावणातल्या कहाण्यांतल्यासारखा पाळावाही लागतो.

घटकाभर : शास्त्रीबुवांना मुंबईतच कुठेतरी बसवा, चोरलेल्या वेळेची इथे सोय आहे. १ जानेवारी १९०६ला देशाला एक प्रमाणवेळ मिळाली, पण मुंबईने आपली वेगळी वेळ सोडली नाही. मुंबईची वेळ ३९ मिनिटं मागे, कारण आपल्याकडे सूर्य तेवढा उशिरा माथ्यावर येतो. हा दुहेरी कारभार १९५५पर्यंत चालला. ३९ मिनिटं म्हणजे दीड घटका आणि साडेसात पळं. ती शास्त्रीबुवांच्या फडताळात ठेवा.

चाळकरी : भाच्याला वाचून दाखवलं. फडताळ म्हणजे काय ते आधी सांगावं लागलं. मथळा आता 'घटकाशास्त्री : जीवन, कार्य आणि वसा'. मंत्र मात्र त्याने स्वतःच शोधलाय. मी म्हटलं, अंक परवा जाणार. तो म्हणाला, "गेलेला परवा की येणारा?" मी सांगितलं, ते क्रियापदावरून कळतं : परवा गेलो, परवा जाईन. थोडा वेळ गप्प बसला आणि वहीत लिहिलं : शास्त्रीबुवा डोळे मिटून नुसतं 'परवा' म्हणत, क्रियापद लावत नसत, आणि दार दोन्हीकडून उघडत असे.