बेबी शकुंतला यांच्याविषयी माहिती हवी आहे

पंचगंगाकाठ: ‘रामशास्त्री’ (१९४४) या प्रभातच्या चित्रपटातील ‘दोन घडीचा डाव’ हे गाणे लागले, की माझी आजी पुढ्यातले ताट तसेच ठेवून रेडिओजवळ जाऊन बसे. त्या गाण्यात दिसणाऱ्या बेबी शकुंतला पुढे कोल्हापुरातच राहत असत, असे ऐकले आहे. ते खरे आहे का?

जुनी तालीम: होय, खरे आहे. ‘रामशास्त्री’त त्या अनंत मराठे यांच्याबरोबर बालवधूच्या भूमिकेत होत्या, त्या कोवळ्या वयातही नजरेतला खट्याळपणा आणि शब्दांची स्पष्टता त्यांनी अशी सांभाळली आहे, की दृश्य कुठेही पाठ केल्यासारखे वाटत नाही. पुढे त्या नायिका झाल्या. ‘फरेब’ (१९५३) या हिंदी चित्रपटात त्या किशोर कुमार यांच्याबरोबर होत्या.

रंकाळावेस: लग्नानंतर, १९५४ च्या सुमारास, ऐन भरात असताना त्यांनी चित्रपटसंन्यास घेतला आणि त्या उमादेवी नाडगोंडे झाल्या. २०१५ मध्ये कोल्हापुरातच त्यांचे निधन झाले. बालकलाकार म्हणूनच त्यांची आठवण काढली जाते, हे मला अपुरे वाटते. त्यांच्या नायिकापदाच्या काळाविषयीही कोणीतरी सविस्तर लिहावे.

पंचगंगाकाठ: मनःपूर्वक आभार. ‘फरेब’ आता मिळवून पाहतो.